कै. सरस्वतीबाई फाळके

चित्रपट संपला की पडद्यावर नावांची लांबलचक यादी सरकू लागते, आणि नेमक्या त्याच क्षणी प्रेक्षक पायांनी चपला चाचपू लागतात. नायक-नायिकेचे नाव सर्वांच्या ओठांवर असते, दिग्दर्शकाचे नाव काहींच्या ध्यानी राहते; परंतु फीत धुणारा, प्रकाश सांभाळणारा, पात्रांचे कपडे नीट ठेवणारा, शंभर माणसांच्या जेवणाची काळजी वाहणारा, ह्यांची नावे वाचण्यास दाराकडे लोटलेल्या गर्दीत कोण थांबतो? आम्हीही थांबत नाही, हे आरंभीच कबूल केलेले बरे. म्हणूनच यंदाच्या अंकात ज्यांचे चरित्र द्यावयाचे, त्या बाई दादासाहेब फाळके यांच्या पत्नी म्हणून सर्वांस ठाऊक असल्या तरी, त्यांनी प्रत्यक्ष काय काम केले हे आमच्या बहुतेक वाचकांस सांगता येणार नाही, असे आम्हांस वाटते.

सरस्वतीबाईंचे माहेर करंदीकरांचे. किर्लोस्कर नाटक मंडळींच्या चालकांशी त्यांचे नाते होते. तेव्हा रंगभूमी, पडदे, सोंगे ह्यांचा वारा त्या घरास लागलेलाच होता. १९०२ साली त्यांचा विवाह धुंडिराज गोविंद फाळके यांच्याशी झाला. धुंडिराजपंतांचा हा दुसरा विवाह. त्यांची पहिली पत्नी व मूल गोध्रा येथे प्लेगाने दगावले होते. त्यांचे वडील दाजीशास्त्री हे मुंबईच्या विल्सन कॉलेजात संस्कृत शिकवीत, आणि स्वतः धुंडिराजपंत मुंबईच्या कलाशाळेत व पुढे बडोद्याच्या कलाभवनात शिकलेले. हातात कसब अनेक, परंतु पाय एका जागी ठरेनात, असा हा गृहस्थ होता. छायाचित्रकार, नाटकांचे पडदे रंगविणारा, जादूगार, पुराणवस्तू खात्यातील नोकर, छापखान्याचा मालक अशी रूपे त्यांनी थोड्याच वर्षांत पालटली. अशा माणसाचा संसार करणे म्हणजे काय, ह्याची कल्पना आमच्या वाचकांतील मातांस आम्ही सांगावयास नकोच.

छापखान्याच्या भागीदारांशी पटेनासे होऊन दादासाहेबांनी तो धंदा सोडला. त्याच सुमारास, म्हणजे १९१०-११ च्या काळात, गिरगावातील अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये ख्रिस्ताच्या चरित्राचा मूकपट त्यांनी पाहिला. पडद्यावर येशू ख्रिस्ताचे जीवन सरकत असता ह्यांच्या डोळ्यांपुढे राम आणि कृष्ण उभे राहत होते. ही गोष्ट आता सर्वतोमुखी झालेली आहे. कमी सांगितली जाते ती पुढची गोष्ट अशी की, दादासाहेब तोच खेळ पुन्हा पाहावयास गेले ते सरस्वतीबाईंना बरोबर घेऊन. ज्या कल्पनेपायी घर पणाला लागणार होते, ती कल्पना घरातल्या माणसास प्रथम दाखवावी असे त्यांस वाटले, ह्यात आम्हांस त्यांचा शहाणपणा दिसतो. बाईंनी त्या रात्री पडद्यावर जे पाहिले त्यातून पुढील कित्येक वर्षांचे त्यांचे आयुष्य निघाले.

त्यानंतरचे महिने कठीण गेले. मिळेल तो चित्रपट पाहणे आणि उरलेल्या वेळी घरी प्रयोग करीत बसणे, असा दादासाहेबांचा क्रम पडला. झोप दोन-तीन तासांवर आली. ह्या अतिताणाने त्यांची दृष्टी अधू झाली आणि काही काळ तर त्यांस दिसेनासे झाले. डॉ. प्रभाकर यांच्या उपचारांनी दृष्टी परत आली, पण मिळकतीचा मार्ग खुंटलाच होता. घरातील सामानसुमान एकेक करून बाहेर जाऊ लागले. इंग्लंडास जाऊन ही विद्या व यंत्रे आणावयाची ठरली तेव्हा बारा हजार रुपयांच्या विम्याच्या कागदांवर दहा हजारांचे कर्ज काढण्यात आले. पदरी लहान मुले, पती नुकता डोळ्यांच्या दुखण्यातून उठलेला, नातेवाईक व स्नेही ह्या वेडास हसणारे, अशा स्थितीत १९१२ च्या फेब्रुवारीत दादासाहेब बोटीवर चढले. मागे राहिलेल्या बाईंविषयी कोणी काही लिहून ठेवलेले नाही. पण ते दोन महिने त्यांनीही काढलेच.

लंडनमध्ये 'बायोस्कोप' साप्ताहिकाचे संपादक आणि सेसिल हेपवर्थ हे चित्रपटनिर्माते ह्यांच्या साह्याने दादासाहेबांनी थोडक्या दिवसांत पुष्कळ पाहून घेतले. विल्यमसन कंपनीचा कॅमेरा, फितीस भोके पाडण्याचे यंत्र इत्यादींची मागणी नोंदवून ते १ एप्रिल १९१२ रोजी परत आले. मे महिन्यात यंत्रे मुंबईस पोचली. दादरच्या मुख्य रस्त्यावरील 'मथुरा भवन' ह्या घरी ती जोडण्यात आली आणि येथेच सरस्वतीबाईंचे शिक्षण सुरू झाले.

हे शिक्षण कशाचे, ते नीट समजून घेतले पाहिजे. एरवी त्या 'मदत करीत' एवढेच शब्द उरतात, आणि त्या दोन शब्दांत तर काहीच दिसत नाही. तेव्हा दादासाहेबांकडे येणारी कच्ची फीत अखंड असे, तिच्या कडांस भोके नसत. कॅमेऱ्यातील दातेरी चाक फीत पुढे ओढते ते ह्याच भोकांच्या आधारे. भोके नसतील तर फीत हलणार नाही, आणि एकमेकांपासून ती सारख्या अंतरावर नसतील तर पडद्यावरील राजा हरिश्चंद्र थरथर कापू लागेल. एका चित्राच्या दोन्ही बाजूंस चार-चार भोके लागतात आणि एका फुटात सोळा चित्रे मावतात. आमच्या गणिताच्या विद्यार्थ्यांनी हिशेब करून पाहावा: 'राजा हरिश्चंद्र' हा चित्रपट ३,७०० फूट लांबीचा झाला, म्हणजे त्याच्या एकाच प्रतीस ४,७३,६०० भोके लागली. आणि चित्र प्रथम उमटते ती फीत वेगळी, पडद्यावर दाखवावयाची वेगळी. शिवाय बिघडलेली, टाकून दिलेली फीत निराळीच. यंत्राच्या साह्याने पण हातांनी फीत सरकवीत हे काम चाले, आणि तेही काळोखात. कारण उजेडाचा एक कवडसा आत आला तर फीत पार काळी पडावयाची. दिवसभराची कामे आटोपून मुले निजली म्हणजे सरस्वतीबाई हे काम करीत. दादासाहेबांनी ते त्यांना शिकविले आणि पुढे त्यांच्यावरच सोपविले.

फीत धुण्याची विद्याही त्यांनी अशीच आत्मसात केली. चित्रण झालेल्या फितीवर आरंभी काहीच दिसत नाही. एका द्रावणात ती बुडविली की चांदीचे क्षार जेथे उजेड पडला असेल तेथे काळे पडतात व चित्र वर येते. ठरल्या वेळी ती तेथून काढून दुसऱ्या द्रावणात घालावी लागते, म्हणजे उरलेले क्षार विरघळून जातात. मग स्वच्छ पाण्यात पुनःपुन्हा धुऊन सुकविणे. वेळ थोडा अधिक झाला तर चित्र कोळशासारखे, कमी झाला तर पाण्यासारखे. द्रावणांची मापे चुकली तरी तोच अनर्थ. त्या काळच्या साध्या फितीस तांबडा उजेड बाधत नसे, म्हणून अंधाऱ्या खोलीत तांबड्या काचेचा मंद दिवा एवढाच आधार. मुंबईची उष्ण व दमट हवा ह्या कामास मुळीच अनुकूल नाही. ही रसायने तोलणे, कालविणे, फीत धुणे ह्या कामांत सरस्वतीबाई तरबेज झाल्या. स्वयंपाकघरात वर्षानुवर्षे वावरलेल्या स्त्रीस माप, वेळ आणि उष्णता ह्यांचा अंदाज असतोच, असे कोणी म्हणेल. आम्हांस ते पुरते मान्य नाही. येथे एक चूक म्हणजे दिवसभराचे श्रम व उसने आणलेले पैसे पाण्यात. आमटी बिघडली तर पुन्हा फोडणी देता येते, पण फितीस दुसरी फोडणी नाही.

पहिला प्रयोग वाटाण्याचा झाला. कुंडीत एक वाटाणा पेरून तिच्यापुढे कॅमेरा एका जागी पक्का बसविला आणि ठराविक अवधीने एकेक चित्र घेत महिनाभर ही तपश्चर्या चालविली. शेवटी सारी फीत एकदम फिरविली तेव्हा अंकुर फुटून, वाढून त्याचा वेल झालेला मिनिटभरात दिसू लागला. 'अंकुराची वाढ' नावाची ही छोटीशी फीत पाहून सावकाराचा विश्वास बसला व कर्ज मिळाले. त्यातही तारण हवे होते. बाईंचे दागिने त्या कामी आले.

मग 'राजा हरिश्चंद्र' सुरू झाला. चित्रपटात काम करणे त्या वेळी इतके हीन समजले जाई की, पात्रे म्हणून आलेल्या मंडळींस आपण हरिश्चंद्राच्या कारखान्यात नोकरीस आहो असे लोकांस सांगण्याची शिकवण देण्यात आली होती. हा कारखाना भरला तो फाळक्यांच्या घरी. साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक सरस्वतीबाई करीत. पात्रांचे कपडे पाहणे, ते नीटनेटके ठेवणे हेही त्यांच्याकडेच आले. चित्रण सूर्यप्रकाशात चाले. विजेच्या मोठ्या दिव्यांची सोय नव्हती. दुपारचे ऊन वरून पडले की डोळ्यांखाली व हनुवटीखाली काळ्या सावल्या पडतात आणि सुंदर चेहराही भेसूर दिसतो. त्यावर उपाय असा की, पांढरी शुभ्र चादर ताणून धरावयाची व तिच्यावरून परतलेला उजेड पात्राच्या मुखावर सोडावयाचा. ही चादर धरून तासन् तास उन्हात उभे राहण्याचे काम बाई करीत. चादर हलली तर उजेड हलतो, म्हणून हात अवघडले तरी हलावयाचे नाही. सूर्य सरकला की तिचा कोन पालटावयाचा, हेही ध्यानात ठेवावयाचे.

तारामतीच्या कामास कोणी स्त्री मिळेना. जाहिराती दिल्या, विनवण्या केल्या, पण व्यर्थ. शेवटी दादासाहेबांनी पत्नीसच ती भूमिका करण्याविषयी विचारले व त्यांनी नकार दिला, असे सांगितले जाते. त्या नकारात संकोच किती असेल हे आम्ही सांगू शकत नाही. पण कॅमेऱ्यापुढे त्या उभ्या राहिल्या असत्या तर चादर, रसायने, फीत आणि चूल ह्या चार ठिकाणी चार माणसे लागली असती, एवढे मात्र दिसतेच आहे. ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात काम करणारा अण्णा साळुंके हा सडपातळ बांध्याचा तरुण तारामती झाला. दत्तात्रेय दामोदर दाबके हरिश्चंद्र झाले आणि रोहिदासाचे काम फाळक्यांच्याच लहानग्या भालचंद्राने केले. कॅमेऱ्याची बाजू त्र्यंबक तेलंग सांभाळीत. म्हणजे मुलगा पडद्यावर, आई पडद्यामागे; आणि सायंकाळी दोघांची भूक भागविणे पुन्हा आईकडेच.

सहा महिने सत्तावीस दिवसांत चित्रपट पुरा झाला. २१ एप्रिल १९१३ रोजी ऑलिम्पिया नाट्यगृहात निवडक पाहुण्यांस तो दाखविण्यात आला व ३ मे पासून कॉरोनेशन थिएटरमध्ये लोकांसाठी खुला झाला. दादासाहेबांचे नाव सर्वत्र झाले, आणि ते व्हावे असेच होते. इतका ध्यास घेणारा माणूस विरळा.

येथे थोडे विषयांतर करून आमच्या मनातील एक गोष्ट सांगतो. सरस्वतीबाईंविषयी आजवर जे लिहिले गेले त्यात त्यांचे गुणगान नाही असे नाही. परंतु बहुतेकांनी त्यांस पतिपरायण, सोशिक, दागिने देणारी, संकटात साथ देणारी अशी विशेषणे दिली आहेत. ही विशेषणे खोटी नव्हेत. पण ती पुरेशी नव्हेत, आणि त्यांच्यामुळे एक अन्याय घडतो. दागिने देणाऱ्या स्त्रिया आपल्या देशात पुष्कळ झाल्या. मोजून-मापून रसायने कालविणारी, काळोखात लाखो भोके सारख्या अंतराने पाडणारी, प्रकाशाचा कोन ओळखणारी स्त्री १९१२ साली दुसरी कोण होती? हेच काम एखाद्या पगारी पुरुषाने केले असते तर आपण त्यास कारागीर म्हटले असते, तंत्रज्ञ म्हटले असते. बाईंनी ते घरात केले, म्हणून ते सेवेच्या खाती जमा झाले. १९१३ सालच्याच 'मोहिनी भस्मासुर' ह्या चित्रपटात दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई ह्यांनी भूमिका केल्या, आणि आपल्या पडद्यावरील पहिल्या स्त्रिया म्हणून त्यांची नोंद योग्य रीतीने झाली. त्यांच्याही आधी एक स्त्री पडद्यामागे उभी होती, तिची नोंद करावयास मात्र आपण बराच उशीर लावला.

१९१३ च्या अखेरीस फाळके कुटुंब नाशिकास आले. दुसऱ्या वर्षी दादासाहेब आपले तीन चित्रपट घेऊन पुन्हा लंडनास गेले. तेथे त्यांचे कौतुक झाले, तेथेच राहून काम करण्याविषयी विचारणाही झाली, पण ती त्यांनी नाकारली. इतक्यात महायुद्ध पेटले. परत आल्यावर पाहतात तो पैशाची आवक बंद, सावकार पाठ फिरवून बसलेले. नाशिकची कंपनी ही नावाची कंपनी. प्रत्यक्षात ते एक मोठे घरच होते आणि त्या घरच्या यजमानीणबाई सरस्वतीबाई. चूल पेटती ठेवण्याची विवंचना अशा वेळी कोणाच्या वाट्यास येते, ते सांगणे नको. १९१७ साली 'लंकादहन' निघाला व दिवस पालटले. पैसा इतका आला की, नाण्यांची पोती बैलगाडीतून न्यावी लागली, असे सांगतात. त्या चित्रपटात राम आणि सीता ह्या दोन्ही भूमिका साळुंके यांनीच केल्या!

१९१८ साली भांडवलदार भागीदार मिळून 'हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी' स्थापन झाली. आता पगारी माणसे आली, कामाच्या वाटण्या झाल्या, आणि घर व कारखाना ही दोन झाली. पुढील वर्षी निघालेल्या 'कालियामर्दन' चित्रपटात बाळकृष्णाचे काम फाळक्यांची कन्या मंदाकिनी हिने केले. तिचा तो गोड मुखडा आजही पाहावयास मिळतो, कारण ह्या चित्रपटाचा मोठा भाग सुदैवाने वाचला आहे. भागीदारांशी मतभेद होऊन दादासाहेब कंपनी सोडून सहकुटुंब काशीस गेले. तेथे त्यांनी 'रंगभूमी' नावाचे नाटक लिहिले आणि १९२२ च्या सुमारास पुन्हा नाशिकास परतले. बोलपट आला तसा त्यांचा काळ सरला. १९३७ साली कोल्हापुरास काढलेला 'गंगावतरण' हा त्यांचा अखेरचा चित्रपट. एकूण पंचाण्णव चित्रपट व पंचवीसहून अधिक लघुपट काढणाऱ्या ह्या पुरुषाचे १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे देहावसान झाले, तेव्हा घरात शिल्लक अशी फारशी नव्हती.

१९६९ सालापासून भारत सरकार चित्रपटक्षेत्रातील सर्वोच्च पुरस्कार दादासाहेबांच्या नावे देत आले आहे. १९७१ साली त्यांचे चित्र असलेले टपाल तिकीटही निघाले. २००९ साली श्री. परेश मोकाशी यांनी 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' हा मराठी चित्रपट काढला. त्यात सरस्वतीबाईंची भूमिका श्रीमती विभावरी देशपांडे यांनी केली, आणि प्रत्येक धडपडीत पतीच्या खांद्यास खांदा लावून उभी असलेली ही स्त्री कित्येक प्रेक्षकांनी त्या वेळी प्रथमच पाहिली. आमच्या विद्यार्थ्यांनी तो चित्रपट अवश्य पाहावा. हसू पुष्कळ येते.

मूळ 'राजा हरिश्चंद्र' पैकी आरंभीचा व शेवटचा असा सुमारे १,४७५ फूट भाग उरला असून पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने तो जतन केला आहे. ती फीत १९१३ सालची की १९१७ साली पुन्हा चित्रित केलेली, ह्याविषयी अभ्यासकांत वाद आहे. कोणतीही असो, घर तेच आणि माणसे बव्हंशी तीच. आरंभीच्या दृश्यात राजा आपल्या मुलास धनुर्विद्या शिकवीत आहे. ते दृश्य पाहावयास मिळालेच तर वाचकांनी क्षणभर धनुष्यबाणाकडे न पाहता चेहऱ्यांकडे पाहावे. ऊन माथ्यावरचे आहे; मग जो उजेड खालून व बाजूने येऊन मुखावर पसरतो तो कोठून आला, ह्याचा त्यांनी विचार करावा. चौकटीच्या बाहेर, चार-सहा हातांवर, कोणीतरी एक पांढरी चादर ताणून धरली आहे.